घशाचा डॉक्टर आणि गणपतराव बेलवलकर: 1969 च्या एका निर्णयाची चिकित्सा

‘डॉक्टरांनी बेचाळिसाव्या वर्षी सर्जरी सोडली, मग मी बँकेतली नोकरी का सोडू नये?’ नाट्यशिबिरात हा प्रश्न हमखास येतो. विचारणाऱ्याचं वय तिशीच्या आसपास असतं, दोन-तीन एकांकिका स्पर्धांतलं एखादं उत्तेजनार्थ बक्षीस गाठीशी असतं आणि डोळ्यांत उत्तर आधीच ठरलेलं असतं. डॉक्टर म्हणजे अर्थातच श्रीराम लागू. मराठी रंगभूमीवर डॉक्टरांची वाण कधीच नव्हती. काशिनाथ घाणेकर दातांचे, जब्बार पटेल लहान मुलांचे, मोहन आगाशे मनाचे. पण नोकरी-धंदा सोडण्याचा विषय निघाला की दाखला लागूंचाच दिला जातो, आणि तोही नेहमी अर्धाच. त्या वर्षाच्या आधी काय होतं आणि पुढच्या दोन-तीन वर्षांत काय झालं, याची चौकशी फारशी कुणी करत नाही. म्हणून हे एकच प्रकरण जरा सविस्तर बघू या.

प्रकरण

श्रीराम बाळकृष्ण लागू. जन्म 16 नोव्हेंबर 1927, सातारा. वडील डॉक्टर. पुण्याच्या बी. जे. मेडिकल कॉलेजात शिक्षण, पुढे कान-नाक-घसा या विषयात शल्यचिकित्सेचं प्रशिक्षण. पुण्यात काही वर्षं प्रॅक्टिस, अधिक शिकण्यासाठी कॅनडा आणि इंग्लंड, साठच्या दशकात टांझानियातल्या टबोरा गावी नोकरी. 1969 साली वसंत कानेटकरांच्या ‘इथे ओशाळला मृत्यू’ या नाटकातून त्यांनी व्यावसायिक रंगभूमीवर पूर्णवेळ नट म्हणून पाऊल टाकलं आणि वैद्यकी थांबवली.

एवढ्यावर गोष्ट सांगून थांबलं तर ती उडी वाटते. एका बाजूला दवाखाना, दुसऱ्या बाजूला रंगमंच, मध्ये दरी.

दरी होती, हे खोटं नाही. व्यावसायिक नाटकात नटाला पैसे मिळतात ते प्रयोगागणिक. त्याला आपल्याकडे ‘नाईट’ म्हणतात. प्रयोग झाला तर नाईट, नाही झाला तर काही नाही. ताप आला, घसा बसला, नाटक पडलं, पावसाळ्यात बुकिंग थंडावलं, की त्या महिन्याचा हिशेब कोरा. सर्जनचा जम बसायला वर्षं लागतात आणि मोडायला काही महिने पुरतात. पेशंट दुसऱ्या डॉक्टरकडे गेला की परत येत नाही, आणि शस्त्रक्रियेतून हात गेला की तोही सहज परत येत नाही. शिवाय मध्यमवर्गीय पुण्यात हौशी नाटकात काम करणारा डॉक्टर कौतुकाचा विषय असतो. तोच डॉक्टर नाईट घेऊन दौऱ्याच्या गाडीत बसला की नातेवाईकांच्या आवाजाची पट्टी बदलते.

तरीही मला उडीची ही गोष्ट पटत नाही.

1969 च्या आधी

भालबा केळकर आणि मंडळींनी 1951 साली पुण्यात प्रोग्रेसिव्ह ड्रॅमॅटिक असोसिएशन काढली. सगळे तिला पीडीए म्हणत. लागू कॉलेजच्या नाटकांतून तिथे आले. संस्था हौशी, पण हौशी या शब्दाचा आज आपण जो सैलसर अर्थ घेतो तो तिथे नव्हता. दिवसभर नोकऱ्या-धंदे करायचे आणि संध्याकाळी तालमीला वेळेवर हजर राहायचं. पाठांतर चोख, उभ्या तालमी भरपूर. 1957 साली पीडीएनं कानेटकरांचं पहिलं नाटक केलं, ‘वेड्याचं घर उन्हात’, त्यात लागूंची महत्त्वाची भूमिका होती. पुढे मुंबईत विजया मेहता, विजय तेंडुलकर, अरविंद आणि सुलभा देशपांडे यांच्या ‘रंगायन’शीही ते जोडले गेले. परदेशी नसतील तेव्हा हे काम चालूच असायचं.

म्हणजे 1969 साली ‘सुरुवात’ करणाऱ्या माणसाच्या मागे सुमारे दीड तपाचा रियाझ होता, आणि तोही पोटाची चिंता न करता केलेला. हे दुसरं जास्त महत्त्वाचं आहे, असं माझं मत आहे. नाईटवर घर चालवणाऱ्या नटाला पडेल ती भूमिका घ्यावी लागते, टाळी मिळणारी जागा पुन्हा पुन्हा वापरावी लागते. ज्याचं घर शस्त्रक्रियांवर चालतं त्याला संध्याकाळच्या तालमीत चुकायची मुभा असते. ती मुभा लागूंनी पुरेपूर वापरली. शिबिरातल्या तरुणाला बँकेतली नोकरी म्हणजे बेडी वाटते. या प्रकरणात दवाखाना बराच काळ नाटकाचा आश्रयदाता होता, हे त्याला सांगितलं की तो जरा नाराज होतो.

निळा डाग

नोकरी सोडली की धाडस संपलं, असं बहुतेकांना वाटतं. या प्रकरणात पुढच्याच वर्षी, 1970 साली, लागूंनी विजय तेंडुलकरांचं ‘गिधाडे’ दिग्दर्शित केलं. धंद्याच्या दृष्टीनं याहून वेडा विचार शोधून सापडला नसता. नुकता व्यावसायिक झालेला नट, ज्याला कंत्राटदारांची आणि कुटुंबासह नाटकाला येणाऱ्या प्रेक्षकांची मर्जी सांभाळायला हवी, तो असं नाटक घेतो ज्यात भाऊ भावाला, मुलं बापाला ओरबाडतात, शिव्या मोकळेपणानं येतात आणि एका गरोदर बहिणीचा गर्भ तिचेच भाऊ लाथा घालून पाडतात. तेंडुलकरांनी ते लिहिलं होतं बऱ्याच वर्षांपूर्वी. करायला कुणी धजावत नव्हतं.

परिनिरीक्षण मंडळाशी, म्हणजे रोजच्या भाषेत नाटकाच्या सेन्सॉरशी, झगडा झाला. अनेक आक्षेपांपैकी एक साडीवरच्या तांबड्या डागावर होता. गर्भपातानंतर त्या बाईच्या साडीवर रक्ताचा डाग दिसतो, तो दिसता कामा नये. त्यावर लागू आणि मंडळींनी जो तोडगा काढला तो मराठी रंगभूमीच्या इतिहासातला माझा सर्वांत आवडता तोडगा आहे. डाग निळा केला. आणि प्रयोग सुरू होण्याआधी प्रेक्षकांना सांगितलं की साडीवरचा डाग निळा दिसेल, तो तांबडा समजावा.

हुकूम तंतोतंत पाळला गेला आणि त्याचं हसूही झालं. पण यात नुसता खट्याळपणा नाही. ही सूचना रंगभूमीच्या मुळाशीच जाते. नाटकात प्रेक्षक असाही पुठ्ठ्याची भिंत भिंत समजतो आणि चाळिशीच्या नटाला साठीचा म्हातारा समजतो. त्याला निळ्याचं तांबडं करायला सांगितलं तर तो करणार, आणि डोळ्यांपुढे लाल रंग असता तर जेवढा हादरला असता त्याहून जास्त हादरणार, कारण आता ते रक्त त्यानं स्वतः मनात काढलेलं आहे. ज्याला माध्यमाची ही ताकद आतून ठाऊक आहे तोच सेन्सॉरशी अशा पद्धतीनं भांडू शकतो. बाकीचे एक तर डाग काढून टाकतील, नाही तर नाटक बंद करतील. धाडस म्हणजे छाती पुढे काढणं असं आपण समजतो. इथे ते कसबातून आलेलं दिसतं.

दुसऱ्यासाठी बेतलेला अंगरखा

त्याच वर्षी 23 डिसेंबरला मुंबईच्या बिर्ला मातोश्री सभागृहात ‘नटसम्राट’चा पहिला प्रयोग झाला. लेखक वि. वा. शिरवाडकर, दिग्दर्शक पुरुषोत्तम दारव्हेकर, संस्था दि गोवा हिंदू असोसिएशन. गणपतराव बेलवलकर लागू, आणि कावेरी, जिला गणपतराव ‘सरकार’ म्हणतात, शांता जोग.

नाटक सगळ्यांना माहीत आहे, तरी दोन ओळी. निवृत्त झालेला थोर नट आपलं सगळं मुलाला आणि मुलीला वाटून टाकतो, आधी मुलाकडे मग मुलीकडे राहतो, चोरीचा आळ येतो तेव्हा बायकोला घेऊन घराबाहेर पडतो, बायको वाटेत वारते, तो रस्त्यावर येतो. मागे शेक्सपिअरच्या लिअरची सावली आहे.

शिरवाडकरांच्या मनात ही भूमिका लिहिताना नानासाहेब फाटक होते. नानासाहेब जुन्या पठडीचे, आवाजाचा बादशहा असलेले नट. खुद्द गणपतराव या नावातच जुन्या काळचे थोर नट गणपतराव जोशी यांची आठवण आहे. ‘विकारविलसित’ या आगरकरांनी केलेल्या ‘हॅम्लेट’च्या मराठी रूपातला जोशींचा हॅम्लेट म्हणजे आपल्याकडची दंतकथा. बेलवलकर हा त्या परंपरेतला माणूस. तो घरातल्या बैठकीतही रंगमंचावरच असतो, साधं बोलतानाही वाक्याला झोक देतो, नातीशी खेळताना मध्येच एखाद्या जुन्या भूमिकेत शिरतो.

आणि लागू कुठल्या मुशीतून आलेले? पीडीए आणि रंगायनच्या. तिथे झोक वर्ज्य. तिथे माणूस घरात बोलतो तसाच रंगमंचावर बोलायला हवा, हात उगाच हलायला नकोत. म्हणजे ही भूमिका त्यांच्यासाठी लिहिलेली नव्हती, त्यांच्या स्वभावाची नव्हती आणि त्यांच्या शाळेचीही नव्हती. वय त्रेचाळीस, भूमिका साठीच्या पुढची. या प्रकरणात खरी जोखीम कुठे आहे असं मला कुणी विचारलं तर मी 1969 कडे बोट दाखवणार नाही, या जागेकडे दाखवीन.

दोन सोपे मार्ग होते. एक, जुन्या नटांसारखं गर्जावं. टाळ्या मिळाल्या असत्या, पण ती नक्कल झाली असती. दुसरा, बेलवलकरांना आपल्या सवयीप्रमाणे हळू, वास्तव करून टाकावं. मग शिरवाडकरांची काव्यमय, लांबलचक स्वगतं हवेत लोंबकळत राहिली असती, कारण ती भाषा कुजबुजीसाठी लिहिलेलीच नाही. लागूंनी भूमिकेचे दोन थर वेगळे धरले. एक गणपतराव जो अभिनय करतो आणि एक गणपतराव ज्याला अभिनय करून आता काही उपयोग नाही हे कळत चाललंय. पहिल्या थरात आवाज मोठा, ऐटदार. दुसऱ्यात तोच आवाज मध्येच टेकू काढल्यासारखा बसतो. झोक हा नटाचा नाही, पात्राचा आहे, हे एकदा ठरवलं की नव्या शाळेतल्या नटालाही मोठ्यानं बोलायची परवानगी मिळते. वास्तववादी नटाला भव्य भूमिकेपाशी नेणारी वाट नेमकी इथून जाते. ती मनाच्या उमाळ्यातून सापडत नाही, तालमीत संहिता पुढ्यात घेऊन ‘हे वाक्य आत्ता कोण बोलतंय’ असं दर ओळीला विचारत बसलं की सापडते.

पुढे दत्ता भट, सतीश दुभाषी, यशवंत दत्त यांनीही बेलवलकर केले, प्रत्येकानं आपापल्या अंगानं.

घसा

या प्रकरणातला एक धागा नेहमी विनोदासारखा सांगून सोडला जातो: घशाच्या डॉक्टरनं घशाच्या जोरावर नाव काढलं. विनोद बाजूला ठेवला तर तो धागा बराच लांब जातो. लागूंनी पुढे ‘वाचिक अभिनय’ नावाचं छोटं पुस्तकच लिहिलं.

स्वरयंत्रात दोन स्वरतंतू असतात, फुप्फुसातून वर येणाऱ्या हवेनं ते थरथरतात. ओरडताना ते एकमेकांवर जोरानं आपटतात. रोज आपटले तर सुजतात, पुढे त्यांच्यावर गाठी येतात. शाळामास्तर, भाजीवाले, घोषणा देणारे कार्यकर्ते या तक्रारी घेऊन घशाच्या डॉक्टरकडे येतात, आणि नटही येतात. शेवटच्या रांगेपर्यंत आवाज पोचवायचा तर जोर गळ्यातून लावून चालत नाही. श्वास पोटापर्यंत घ्यायचा, गळा सैल ठेवायचा आणि व्यंजनं स्वच्छ उच्चारायची. आवाज मोठा होण्यापेक्षा शब्द धारदार झाला की तो लांब जातो.

आता यात मराठी वाक्याची एक अडचण घाला. आपल्याकडे क्रियापद शेवटी येतं आणि नकारही शेवटी येतो. ‘तुमच्या घरात जागा मिळावी म्हणून मी इथे आलो नव्हतो.’ हे वाक्य भावनेच्या भरात म्हणून बघा. सगळा जोर ‘तुमच्या घरात’वर जातो, श्वास ‘म्हणून’पाशी संपतो, आणि ‘नव्हतो’ घशात राहतो. बाल्कनीतल्या माणसाला अगदी उलटा अर्थ ऐकू येतो. नव्या नटांच्या दहा वाक्यांपैकी बरीचशी अशी शेपटीशी मरतात. उपाय कंटाळवाणा आहे: संहितेत पेन्सिलीनं श्वासाच्या जागा मारायच्या आणि प्रत्येक वाक्याच्या शेवटच्या शब्दासाठी थोडी हवा शिल्लक ठेवायची. शिरवाडकरांची वाक्यं एकात एक गुंतलेली, उपमांनी लादलेली. तिथे श्वासाचा हिशेब चुकला की नट धापा टाकतो आणि प्रेक्षकांना वाटतं वा, काय व्याकूळ झालाय!

आणखी एक गोष्ट डॉक्टरला पुस्तकातून माहीत असते आणि नटाला अनुभवानं शिकावी लागते. खरं रडू आलं की घसा आवळतो. मग शब्द फुटत नाही. म्हणजे ज्या प्रवेशात सभागृह रडायला हवं त्या प्रवेशात नटानं खरोखर रडून चालत नाही, निदान शब्द बोलून होईपर्यंत तरी नाही. रविवारी दुपारी एक आणि रात्री एक असे दोन प्रयोग असले, मध्ये गाडीचा प्रवास असला, तर दोन्ही वेळा कावेरी जाणार आणि दोन्ही वेळा गणपतरावांना बोलायचं आहे. प्रेरणा दिवसातून दोनदा वेळेवर येईल याची हमी कुणी देत नाही. श्वासाच्या खुणा मात्र संहितेत मारलेल्याच असतात.

शिबिरातली मुलं विचारतात, भीती वाटली तर काय करायचं? तिसरी घंटा झाली, विंगेत उभे आहात, हातपाय गार पडलेत. या प्रकरणातून मला जे उत्तर मिळतं ते असं: त्या क्षणी करायला काहीतरी काम हवं. पहिला श्वास कुठे घ्यायचा, पहिलं वाक्य कुणाला उद्देशून, कुठल्या पायावर भार देऊन आत जायचं. हात कामात गुंतले की भीतीला बसायला जागा उरत नाही. शस्त्रक्रियेच्या टेबलापाशीही सर्जन धीर गोळा करत बसत नाही, हात धुतो, हत्यारं मोजून घेतो आणि सुरू करतो. दोन्ही कामं केलेल्या माणसाला हे साम्य वेगळं शिकवावं लागलं नसेल, हा अर्थात माझा तर्क.

जे या प्रकरणात बसत नाही

प्रकरण यशाचं आहे म्हणून ते आपल्यापर्यंत आलं. 1969 च्या आसपास आणखीही काही जणांनी नोकऱ्या सोडल्या असतील आणि दोन नाटकं पडल्यावर मुकाट्यानं परत कुठेतरी चिकटले असतील. त्यांची आत्मचरित्रं निघाली नाहीत. लागूंचं ‘लमाण’ निघालं आणि घरोघरी वाचलं गेलं.

शिवाय लागूंपाशी पदवी होती. नाटक पूर्ण फसलं असतं तर पाटी पुन्हा लावता आली असती, पेशंट कमी आले असते एवढंच. याच पुण्यात, 1969 च्या काही वर्षं आधी, निळू फुले लष्करी वैद्यकीय महाविद्यालयाच्या बागेत माळीकाम करून राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकात काम करत होते. तिथून ते वगनाट्यात आणि सिनेमात गेले. एक वैद्यकीय महाविद्यालयात शिकलेला, दुसरा वैद्यकीय महाविद्यालयाच्या बागेत राबलेला. सर्जननं दवाखाना सोडण्याची गोष्ट आपण धाडस म्हणून सांगतो, माळ्यानं बाग सोडण्याची गोष्ट मात्र त्या नावानं कुणी सांगत नाही. मला हे खटकतं. पडण्याची उंची मोजून आपण धाडस ठरवतो, कुणाच्या खाली जाळी होती हे बघत नाही. पुढे जब्बार पटेलांच्या ‘सामना’ या सिनेमात हे दोघे समोरासमोर आले, लागू मास्तर आणि फुले हिंदुराव. ते प्रवेश बघताना कोण कुठून आला याचा मागमूस लागत नाही. लागूंच्या प्रत्येक पॉजला फुल्यांचं उत्तर आहे, तेही बहुतेक वेळा नुसत्या नजरेनं.

आणि बायकांचं काय? 1969 साली बेचाळिशीच्या एखाद्या डॉक्टरीणबाईंनी असंच ठरवलं असतं तर त्यांच्यासाठी कुठली भूमिका लिहून तयार होती? नटसम्राट आहे, नटसम्राज्ञी नाही. ‘नटसम्राट’मध्ये कावेरीनं जे सोसलं ते बहुतेक न बोलता, आणि शांता जोगांनी ते तितक्याच ताकदीनं उभं केलं. पण प्रकरण अभ्यासासाठी आपण हटकून गणपतरावच उचलतो. मीही तेच केलंय.

नंतरच्या वर्षांचं थोडक्यात सांगतो. ‘हिमालयाची सावली’तले नानासाहेब भानू, गो. पु. देशपांड्यांच्या ‘उद्ध्वस्त धर्मशाळा’तला चौकशीला सामोरा जाणारा प्राध्यापक, महेश एलकुंचवारांच्या ‘आत्मकथा’तला लेखक. हिंदी सिनेमेही भरपूर, त्यांतले बरेच नाव न काढण्याजोगे. ती घर चालवण्याची बाजू, आणि त्याबद्दल नाक मुरडण्यात अर्थ नाही. एके काळी दवाखाना जे करत होता ते पुढे हिंदी सिनेमानं केलं.

सत्तरी ओलांडल्यावर त्यांनी मकरंद साठे यांच्या ‘सूर्य पाहिलेला माणूस’मध्ये सॉक्रेटिस केला, दिग्दर्शक अतुल पेठे. पानंच्या पानं बोलायचं, युक्तिवाद करायचा, आणि तेही नव्या पिढीच्या नटांबरोबर. त्यानंतर ‘मित्र’ नाटकात पक्षाघात झालेला म्हातारा. व्यावसायिक नट म्हणून त्यांना तोवर सिद्ध करण्यासारखं काही उरलं नव्हतं. बँकेतल्या त्या मुलाला मी लागूंचं 1969 साल सांगण्याऐवजी हल्ली ही शेवटची दोन नाटकं सांगतो आणि विचारतो की सत्तरीत एवढं पाठांतर करायला बसशील का. तो हसतो. एखादा न हसता तालमीची वेळ विचारतो, त्याच्याशी मग नोकरीविषयी बोलता येतं.